हे प्रोफाइल वापरात आहे

दुपारचे साडेतीन वाजले होते आणि चाचणी काही केल्या सुरू होत नव्हती. काम तसं साधं. ड्रायव्हर नावाचा छोटासा प्रोग्राम ब्राउझर उघडतो, ब्राउझर माणसासारखा वेबसाइटवर क्लिक करत फिरतो आणि टेस्टरबाई निवांत चहा पितात. आज मात्र ड्रायव्हर दारातच अडून बसला होता. पडद्यावर तीच लाल ओळ : 'ब्राउझर सुरू करता आला नाही. हे प्रोफाइल आधीच वापरात आहे.' प्रोफाइल म्हणजे ब्राउझरमध्ये साठवलेली माणसाची ओळख; एका वेळी ती एकालाच वापरता येते.

तिच्या प्रोबेशनचा आज शेवटचा दिवस. सहाच्या आत अहवाल गेला नाही तर नोकरी गेली, आणि आई, धाकटा भाऊ, सगळं घर तिच्या एकटीच्या जिवावर चाललेलं.

तिने सगळे ब्राउझर बंद केले, मशीन दोनदा बंद-चालू केलं. ओळ तीच. मग तिचा संशय शेजारच्या दाढीवाल्यावर गेला. त्याला आपल्या मेव्हणीला इथे चिकटवायचं होतं, हे अख्ख्या ऑफिसला ठाऊक होतं.

"माझं प्रोफाइल तुम्हीच उघडून ठेवलंय ना?"

"मला काय वेड लागलंय?" तो खुर्ची सरकवत आला. "लॉकची फाइल बघ. कुठल्या मशीनने धरून ठेवलंय, ते त्यात असतं."

फाइलमधलं मशीनचं नाव त्याने दोनदा वाचलं.

"हे... तुझ्या जागेवर आधी होती, त्या मुलीचं मशीन. तिचं प्रोफाइल तू कशाला वापरतेस?"

तिने त्या मुलीच्या सेटिंग्ज जशाच्या तशा उचलल्या होत्या. सगळेच उचलतात. नव्याने कोण लिहीत बसतंय?

"आता ते मशीन कोणाकडे आहे?"

"कोणाकडेच नाही. केव्हाच मोडीत काढलं."

"आणि ती?"

"राजीनामा दिला म्हणतात. ती मात्र शेवटपर्यंत सांगत होती... मी दिलाच नाही म्हणून."

एवढं बोलून तो लगबगीने उठून गेला. कुठेतरी पाणी मुरत होतं, हे तिला पक्कं वाटलं.

तिने लॉकची फाइल काढून टाकली आणि ड्रायव्हर पुन्हा चालवला. या वेळी ब्राउझर निमूट उघडला. पण समोर चाचणीची वेबसाइट नव्हती. कंपनीचाच राजीनाम्याचा फॉर्म होता आणि त्यात एकेक अक्षर उमटत होतं. तिचं नाव. तिने दोन्ही हात मांडीवर घेतले. अक्षरं थांबली नाहीत. शेवटी 'पाठवा'चं बटणही आपोआप दाबलं गेलं.

तिने वरच्या मजल्यावर एचआरच्या मॅडमना फोन लावला.

"मॅडम, आत्ता माझा राजीनामा आला असेल... तो मी दिलेला नाही."

"कोण बोलतंय?"

तिने नाव सांगितलं. मॅडमचा आवाज एकदम खाली आला.

"कोण आहेस तू?... ती तर इथे, माझ्यासमोर बसलीय."

फोनमध्ये कागद सरकवल्याचा आवाज आला, आणि पाठोपाठ पेनचं टोपण उघडल्याचा.