ताईची गोळी

"चिठ्ठी कुठाय?" तिने विचारलं.

काउंटरपलीकडे काळ्या कोटातला एक तरुण पावसाने निथळत उभा होता. फिट येऊ नये म्हणून घेतात ती गोळी मागत होता, आणि डॉक्टरची चिठ्ठी मात्र नव्हती.

"गोळी मला नकोय हो... न्यायमूर्तींना दाखवायचीय."

"मग न्यायमूर्तींना डॉक्टरकडे पाठवा. चिठ्ठीशिवाय मी कुणालाच देत नाही."

तो मनापासून हसला. औषधांच्या दुकानात असं हसणारं गिऱ्हाईक विरळाच. तिने खोकं काढून समोर ठेवलं, पण वर बोट तसंच दाबून धरलं.

"लांबून बघा."

तो सरकारी वकील होता, अगदी नवाकोरा. या औषधाची जास्तीत जास्त किंमत सरकारने ठरवून दिली होती. ते एकच कंपनी बनवायची. कंपनीने शक्कल लढवली. जुनी गोळी बंद केली, तिच्यावर सावकाश विरघळणारा थर चढवला आणि दुप्पट किमतीला विकायला काढली. हे वेगळं औषध आहे, सरकारचा आदेश याला लागू होत नाही, असं कंपनी वर तोंड करून सांगतही होती. आदेशाचा अर्थ कसा लावायचा, यावर खटला चालला होता.

"आत औषध तेच ना?" त्याने विचारलं.

"तेच आणि तेवढंच. माझी ताई रोज घेते."

ताई म्हणजे तिची थोरली बहीण, दुकानामागच्या खोलीत शिवणकाम करायची. या गोळीने तिच्या फिट थांबल्या होत्या. ती एकटी बाहेर पडायची, मशीन चालवायची, आणि मुख्य म्हणजे सगळ्यांची टर उडवायची.

दुसऱ्या दिवशी वकील पुन्हा हजर. डोकं दुखत होतं म्हणे. तिसऱ्या दिवशीही दुखलं. प्रेमात पडलेल्या माणसाची औषधांच्या दुकानात चांगली सोय असते, हवं ते दुखणं सांगता येतं.

"वकीलसाहेब," ताईने आतून हाक दिली, "एवढं डोकं दुखतं, तर खटला कसा चालवणार?"

"खटल्यामुळे नाही दुखत, ताई."

"मग कशामुळे?"

त्याचे कान लाल झाले. ती उगाच खोकी पुसत बसली. त्या संध्याकाळी ती वाकून शटरला कुलूप लावत होती, तेव्हा त्याने छत्री तिच्यावर धरली आणि स्वतः मात्र चिंब भिजला.

शेवटच्या सुनावणीला ती ताईला घेऊन कोर्टात गेली. मागच्या बाकावर दोघी बसल्या. तो उभा राहिला, एकदा मागे बघितलं आणि जो सुटला... कंपनीच्या वकिलाचा एकेक मुद्दा त्याने खोडून काढला.

न्यायमूर्तींनी विचारलं, "या किमतीत कंपनीला परवडलं नाही तर? सरकार तिला बनवायला लावणार?"

"नाही, माय लॉर्ड. सरकार फक्त किंमत ठरवतं. बनवायची सक्ती कोणावरच नाही."

न्यायमूर्तींनी मान डोलावली. निकाल सरकारच्या बाजूने लागला. औषध तेच आहे, किमतीची मर्यादा लागू आहे.

बाहेर आल्यावर तो तडक तिच्याकडे आला. "जिंकलो... तुझ्यासाठी लढलो मी."

"तुम्ही मला 'तू' म्हणालात."

"म्हणू नको?"

तिने ओढणीचं टोक बोटाला गुंडाळलं. "म्हण."

किंमत उतरली, आणि गोळ्यांची अर्धीच पट्टी नेणारी माणसं आता पूर्ण पट्टी न्यायला लागली. ती प्रत्येकाला खोकं देताना मनातल्या मनात त्याचं नाव घ्यायची. ते सुख फार टिकलं नाही. नवा माल येईना, म्हणून तिने घाऊक व्यापाऱ्याला फोन लावला.

"आता विसरा," तो म्हणाला. "कंपनीने बनवणंच बंद केलंय."

"असं कसं बंद करता येईल?"

"सक्ती थोडीच आहे? तुमचे सरकारी वकीलच सांगून आलेत कोर्टात."

तिने फोन ठेवला आणि कपाटात उरलेली खोकी मोजायला घेतली.

डॉक्टरांनी ताईला दुसरं औषध दिलं. ते काही लागू पडलं नाही. एका दुपारी इस्त्री करता करता ताईला फिट आली आणि तापलेली इस्त्री हातावरच पडली. कोपरापर्यंत हात भाजला. शिवणकामाची बोटं वळेनात.

बातमी कळताच तो धावत आला. त्याचा चेहरा उतरला होता.

"कंपनीला गोळी बनवायला लावा म्हणून मी कोर्टात पुन्हा अर्ज केलाय. पण कंपनी माझंच बोलणं पुढे करतेय."

"तू खोटं कुठे बोललास?"

"खोटं नव्हतं गं, पण बोलायची गरज नव्हती. 'हा प्रश्न आज कोर्टापुढे नाही' एवढं म्हणून थांबायचं असतं. सीनिअरांनी बजावलंही होतं. पण तू मागे बसली होतीस. तुझ्यासमोर मला एकाही प्रश्नाला अडायचं नव्हतं."



"मला तू आवडतोस," ती म्हणाली. "आजही... खूप. पण ताईचा हात बघितला की तुझा राग येतो, आणि तुझ्याकडे बघितलं की माझा स्वतःचा. असा संसार कसा करायचा?"

"थांबू मी? कितीही दिवस थांबेन."

"नको. थांबलास तर मी हो म्हणेन."

तो पायरी उतरून रस्त्याच्या गर्दीत दिसेनासा झाला. ती आत आली. ताई पलंगावर पडून होती, पट्टी बांधलेला हात उशीवर ठेवून.

"गेला?"

"गेला."

"माझा काही राग नाहीये गं त्याच्यावर. तेवढं तरी सांगायचंस."

"सांगितलं असतं तर तो गेलाच नसता, ताई," ती म्हणाली, आणि ताईच्या कुशीत तोंड खुपसून हमसाहमशी रडायला लागली.