उलट्या फिरकीचा चेंडू

"सिस, माझे हात मला सोडून चाललेत गं..."

लॅव्हेल टर्नबो स्वयंपाकघराच्या दारात उभा होता आणि त्याची थोरली बहीण व्हर्लीन मक्याच्या पिठात कॅटफिशचे तुकडे घोळवत होती. तिने मान वर केली नाही. आई गेली तेव्हा हा आला नव्हता; त्या आठवड्यात याचा अमेरिकन फुटबॉलचा मोठा सामना होता. फुलं मात्र पाठवली होती... स्वतःच्या जर्सीच्या आकाराची, मधोमध स्वतःचा आकडा, आणि एवढी अवाढव्य की आईची शवपेटी त्यांच्यामागे दिसेनाशी झाली! अंत्यविधीला आलेल्या अर्ध्या गावाने त्या आकड्याशेजारी उभं राहून फोटो काढून घेतले. उरलेल्या अर्ध्या गावाकडे कॅमेरा नव्हता.

"हातमोजे बदल," ती म्हणाली.

"थट्टा नको गं. एका टीमने शेवटची संधी दिलीय. सराव शिबिरात टिकलो तर टिकलो, नाहीतर संपलं सगळं. पण त्यांचा बॉल टाकणारा डावखुरा आहे. त्याचा बॉल उलटा फिरत येतो आणि बोटांतून निसटतो. सगळं आयुष्य मी उजव्या हाताचे बॉल झेलले..."

"सगळं आयुष्य?"

लॅव्हेलने जीभ चावली. व्हर्लीनच्या डाव्या हातावरचं पीठ हळूहळू कुंड्यात गळत होतं.

याच हाताने, चर्चमागच्या मैदानात, संध्याकाळमागून संध्याकाळ तिने या पोराला झेलायला शिकवलं होतं. त्या हाताला तेव्हा स्वतःचंही नशीब होतं. शेजारच्या राज्यातलं एक कॉलेज तिला सॉफ्टबॉलसाठी फुकट शिकवायला तयार होतं. आणि आईचं अर्धं अंग लुळं पडलं! "दोनच वर्षं, सिस, मग मी सांभाळतो," असं म्हणून लॅव्हेल गेला, मैदानात लांब धावत जाऊन अशक्य बॉल झेलणारा देशभर गाजलेला वाइड रिसीव्हर झाला, आणि ती दोन वर्षं आईच्या शेवटच्या श्वासापर्यंत लांबली. टीव्हीवर त्याने देवाचे आभार मानले, प्रशिक्षकाचे मानले, कुत्र्याचे मानले आणि एका बुटांच्या कंपनीचे मानले. व्हर्लीनचा क्रमांक कुत्र्यानंतरही लागला नाही... त्या दिवसापासून तिच्या अंतःकरणात जो अंगार धुमसत होता, त्याला आज वारा मिळाला!

"टाकीन मी बॉल," ती म्हणाली. "पण होमकमिंगच्या रविवारी, गाव सोडून गेलेलेही चर्चला परततात तेव्हा. चर्चच्या मैदानात, जेवणं झाल्यावर, सगळ्यांसमोर."

"आधी घरामागे थोडा सराव केला तर?"

"आधी मला आईच्या थडग्यावरचं गवत काढायचंय. तूही ये. जागा माहीत नसेल, विचारत विचारत ये."

रविवारी देवाची स्तुती झाली, कॅटफिशची त्याहून जास्त झाली, आणि सारं गाव गोड पीच कॉब्लरच्या ताटल्या घेऊन मैदानाच्या कडेला बसलं. डावा खांदा ओलांडून खाली येणाऱ्या बॉलवरून लॅव्हेलची नजर क्षणभर लवकर हटते, हे त्याच्या कुठल्याही प्रशिक्षकाला कळलं नव्हतं. व्हर्लीनला ते त्याचे दुधाचे दात पडायच्या आतच कळलं होतं. तिने नेमका तिथेच बॉल टाकला. सुटला. पुन्हा तिथेच... पुन्हा सुटला!

"बाळा, बोटांना लोणी राहिलंय का रे?" चर्चचे कारभारी डीकन ह्यूई ओरडले.

"माझी सूनसुद्धा याच्यापेक्षा बरं पकडते," चर्चच्या रिवाजाने 'सिस्टर' म्हणवणाऱ्या इर्मा म्हणाल्या, "आणि तिच्या हातून काल माझं चांगलं भांडं फुटलं!"

हशा उसळला. सुडाची ती गोडी व्हर्लीन जिभेवर घोळवत राहिली, आणि बॉल टाकत राहिली. अखेर लॅव्हेल गुडघ्यांवर कोसळला. बॉल काखेत मारून ती त्याच्यासमोर जाऊन उभी राहिली.

"माझं नाव का घेतलं नाहीस? एकदाही नाही?"

"कसं घेणार होतो?" तो म्हणाला. "नाव घेतलं असतं तर लोकांनी विचारलं असतं, ती कुठे असते? काय सांगणार होतो? मी चैन करतोय आणि ती तिकडे माझ्या आईला भरवतेय? मला तोंड दाखवायला जागा नव्हती गं... म्हणून तुलाच लपवलं!"

मग तो धडपडत उठला आणि गावाकडे वळून ओरडला, "ऐका! मला झेलायला हिने शिकवलं! मी जे जे झालो ते हिच्या वाट्याचं होतं... मी चोरलं ते!"

डीकन ह्यूईंचा चमचा तोंडापाशी थांबला. व्हर्लीनच्या डोळ्यांतून इतक्या वर्षांचं साठलेलं पाणी घळाघळा वाहू लागलं.

"जा, पळ," ती पुटपुटली. "आता नीट टाकते."

आणि तिने टाकला... सरळ, मऊ, छातीपाशी अलगद उतरणारा, वात्सल्याने ओथंबलेला! लॅव्हेलने दोन्ही हात पुढे केले. बॉल तळव्यांवर आपटला आणि गवतात पडला.

कुणी हसलं नाही. हसण्यापेक्षा ते भयंकर होतं. ज्या हातांवर सूड उगवायला ती आली होती, ते हात केव्हाच संपले होते! आणि ते आता गावालाही कळू लागलं होतं. सिस्टर इर्मांच्या चेहऱ्यावर दया उमटत होती. त्या दयेपासून याला कोण वाचवणार?

व्हर्लीन कमरेवर हात ठेवून मोठ्याने हसली.

"हाही मुद्दाम वाकडा टाकला! सगळेच वाकडे टाकले! शिबिरात जायचं की नाही ते त्याचं तो ठरवेल, पण आज माझ्याकडून एकही सरळ मिळणार नाही त्याला!"

"अगं बाई!" सिस्टर इर्मा ताटली आपटून उठल्या. "देवाच्या दारात, रडून माफी मागणाऱ्या सख्ख्या भावाशी? आईने हेच शिकवलं का तुला?"

गाव तिच्यावर तुटून पडलं. घटकेपूर्वी परत मिळालेलं नाव तिने स्वतःच्या हाताने मातीत घातलं होतं. लॅव्हेल बॉल उचलून तिच्यापाशी आला.

"सिस... तो सरळ होता."

"हळू बोल," व्हर्लीन म्हणाली, आणि पदर नसल्यामुळे बाहीनेच तिने त्याचं नाक पुसलं. "त्यांना मला शिव्या देऊ दे. मला सवय आहे, तुला जमणार नाही."