रिकाम्या दारातला आवाज

विश्वास ठेवाच, असं म्हणत नाही. पण माझी भाची खोटं बोलत नाही, आणि तिचं यंत्र तर मुळीच नाही.

भाची गाड्यांचं वायरिंग दुरुस्त करते. मार्चमधला मंगळवार, दुपारचे तीन. गॅरेजात एक बाई गाडी घेऊन आल्या. सोबत सहा वर्षांची मुलगी.

"मागच्या डाव्या दारातून ह्यांचा आवाज येतो," बाई म्हणाल्या. "'दार लाव, बाळा.' ह्यांना जाऊन वर्ष झालं. आज आवाज थांबला नाही, तर गाडी भंगारात."

"बाबांची गाडी द्यायची नाही!" मुलगी ओरडली.

भाचीने गाडीला बिघाड शोधायचं यंत्र जोडलं. "हे बघ," ती मुलीला म्हणाली, "गाडीला कुठे दुखलं की ती एक कोड लिहून ठेवते. आपण तो पुसायचा. परत आला, तर दुखणं खरं."

कोड होता : मागचा डावा स्पीकर, जोडणी तुटलेली.

पुसला.

परत आला.

तिने दाराचं आतलं कव्हर काढलं...

आत स्पीकरच नव्हता.

"मीच काढून घेतला," बाई पुटपुटल्या. "तरी बोलतात."

गॅरेजमालक लांबूनच म्हणाला, "कोड पुस आणि गाडी बाहेर काढ. नसती ब्याद!"

"कोंबडं झाकून उजाडायचं राहतं का, काका? कारण सापडल्याशिवाय गाडी हलणार नाही."

तेवढ्यात त्या रिकाम्या भोकातून...

"दार लाव, बाळा."

भाचीच्या हातातला पाना पडला.

मग तिला राग आला.

"हे घ्या, लावलं!" तिने दार धाडकन आपटलं. "दार उघडं असल्याचा दिवासुद्धा विझला. उगाच पोरीला का घाबरवताय?"

ती दुसऱ्या दाराने आत जाऊन बसली आणि खात्रीसाठी त्या दाराला आतून खांदा मारला.

दार उघडलं.

दिवा सांगत होता, बंद. लॉक मात्र अर्धंच अडकत होतं. आणि मुलगी रोज त्याच दाराला टेकून बसायची.

भाचीने नवं लॉक बसवलं. तीनदा खांदा मारून पाहिला. मग कोड पुसला.

स्पीकर अजूनही नव्हता. कोड परत यायलाच हवा होता...

आला नाही.

बाईंनी डोळे पुसले. मुलगी आपल्या जागेवर जाऊन बसली. गाडी घरी गेली.

दोन वर्षं झाली. भोक रिकामंच आहे. यंत्र म्हणतं, स्पीकर ठीक. गाडी आली की भाची त्या दारावर टकटक करते. "एकदा खुलासा तरी करा!"

तो आवाज पुन्हा कधी आला नाही.

परवा मी तिच्या गाडीत मागे बसलो. तिने चावी फिरवली नाही.

"मामा, दार लावलंत?"

"लावलं की."

ती आरशातून बघत राहिली...

मी हसलो नाही. दाराला आतून खांदा मारून पाहिला.