मायासमुद्राची पोटवाट

“येते गं, शेवंतेऽऽ!”

आईची ती हाक शेवंतीच्या कानात अजून तशीच्या तशी होती. मायाबेटावर घर सोडणारं माणूस ‘जाते’ म्हणत नाही, ‘येते’ म्हणतं. आणि मागे राहणाऱ्याने ‘ये’ म्हटल्याशिवाय त्याचं पाऊल उचलत नाही. त्या सकाळी आई पाणबुडीच्या फळीवर एक पाय ठेवून किती वेळ थांबली होती! शेवंती मात्र सुकत घातलेल्या जाळ्यांमागे गाल फुगवून बसली होती. शेवटी भोंगा वाजला. फळी ओढली गेली.

मध्ये अख्खा पावसाळा सरला. आईची पाणबुडी मायासमुद्राच्या दक्षिण टोकाला, बर्फाच्या कडेशी काम करत होती. निघाल्यापासून ती वर आलीच नव्हती, आणि रेडिओच्या लहरी खाऱ्या पाण्यात शिरल्या की थोड्याच अंतरात विरतात. मग बोलायचं कसं?

शेवंती रोज शाळा सुटली की धक्क्याच्या टोकाला जाई आणि दक्षिणेकडे तोंड करून ओरडे, “आईऽऽ!”

“शेवंताबाई, आज दोन मासे दचकले. कालच्यापेक्षा प्रगती आहे!” खेकडू म्हणाला. खेकडू हा मायासागर अध्ययनपीठाचा यंत्रमानव. आठ पाय, चाल तिरकी, आणि बोलणंही तिरकंच.

“तू गप रे, डबड्या!”

“घसा कशाला फोडतेस, बाय?” मागून आबा आले. आबा म्हणजे आईचे वडील, डॉक्टर हरेश्वर पागधरे. हा समुद्र आवाज पोटात घेतो आणि भलत्याच किनाऱ्याला नेऊन देतो, अशी त्याची ख्याती होती. म्हणून तर बेटावर हे अध्ययनपीठ उभं राहिलं, आणि आबांचं सगळं आयुष्य त्या आवाजांचा माग काढण्यात गेलं.

“आबा, पलीकडच्या टोकाचा देवमासा नुसता गुणगुणतो, ते तुमच्या जलश्रवणीत (पाण्यातला आवाज ऐकणाऱ्या यंत्रात) ऐकू येतं. मी एवढी बोंब मारते, ती का नाही पोचत? जादू काय माशांनाच येते?”

“जादू गळ्यात नाही गं, पाण्यात आहे. चल, ती मासळीची हातगाडी ढकल बघू.”

शेवंतीने गाडी पुळणीवर नेली. एक चाक घट्ट वाळूवर, दुसरं पाण्याकडच्या ओल्या, रुतणाऱ्या वाळूत. चार पावलांत गाडी पाण्याकडे वळली.

“मी नाही वळवली! ती आपणच वळली.”

“का बरं?”

“हे चाक रुतलं, हळू झालं. ते मात्र पळतंच राहिलं. म्हणून गाडी हळू चाकाकडे फिरली.”

“बास! आवाजही असाच वळतो. जिकडे वेग कमी, तिकडे.” आबांनी काठीने वाळूत समुद्र काढला. “वरचं पाणी उन्हाने उबदार. त्यात आवाज जोरात पळतो. खाली जावं तसा गारवा वाढतो, आवाज मंदावतो. आणि त्याच्याही खाली?”

“आणखी मंद!”

“फसलीस! तिथे गारवा फारसा वाढत नाही, पण डोक्यावरच्या पाण्याचा दाब वाढत जातो. दाबलेल्या पाण्यात आवाज पुन्हा पळू लागतो.”

शेवंती त्या रेघांकडे बघत राहिली. “म्हणजे मधे कुठेतरी सगळ्यांत हळू पाणी असणार. वर गेलेला आवाज वळून तिथेच येणार. खाली गेलेलाही तिथेच!”

“हीच ध्वनिवाहिनी (आवाज धरून ठेवणारा पाण्याचा खोल थर). तिथे सोडलेली हाक ना लाटांवर फुटत, ना तळाच्या चिखलात विरत. तुझी बोंब मात्र बहुतेक पाण्यावरूनच परतते, आत शिरते तेवढी इथेच काठाच्या गाळात जिरते.”

“आई गुणगुणायची ती हीच वाट, आबा!” आणि शेवंती हलकेच म्हणाली,

“समुद्राच्या पोटी
वाट आहे एक
माहेराची हाक
तिने जाते…”

आबांनी चष्मा काढून सदऱ्याला पुसला.

“चल,” ते म्हणाले. “खोल पाण्यात आपला कर्णा आहे, त्याची तार प्रयोगशाळेत येते. दक्षिणेला पाणी वरपासूनच गार, म्हणून ही वाट तिथे चढत चढत पार तुझ्या आईच्या दारात जाते. पण उद्या तिची पाणबुडी बर्फाखाली शिरणार. बर्फ तडकतो त्या गदारोळात, ती परतेपर्यंत काही ऐकू जायचं नाही. आणि आज देवमासे चाललेत.”

देवमाशांच्या गाण्याआड बोलायचं नाही, हा अध्ययनपीठाचा कुळाचारच होता. दोन गाण्यांच्या फटीत मावेल तेवढंच बोलायचं. एकच शब्द.

“एकच? पण मला मांजरीला पिल्लं झाल्याचं सांगायचंय, आणि दात पडल्याचं…”

“‘दात पडला’ हेच दोन झाले,” खेकडू म्हणाला.

“बारीक आवाज पाणी लवकर शोषून घेतं,” आबा म्हणाले. “म्हणून खेकडू तुझा आवाज खर्जात (जाड, खालच्या सुरात) उतरवेल. ‘आई’ म्हण. ती ओळखेल.”

शेवंतीने ‘नाही’ अशी मान हलवली. “आबा, ती गेली तेव्हा मी झोपले होते म्हणून सांगितलं, ते खोटं. मी जाळ्यांमागे होते. तिची हाक मी ऐकली होती.”

आबांनी तिच्या डोक्यावर हात ठेवला. “कितीतरी वेळ थांबली होती गं,” एवढंच म्हणाले.

प्रयोगशाळेतल्या जलश्रवणीत देवमाशाचं गाणं दूर दूर जात होतं.

“पोचायला तासभर लागेल,” आबा म्हणाले. “कधी जरा लवकर पोचली, तर समजायचं वाटेतलं पाणी तापलंय. तुम्ही पोरं मोठी झालात की याच वाटेने समुद्राचा ताप बघाल.”

“आणि उत्तर?”

“यायला आणखी तासभर.”

“मी बसते.”

गाणं थांबलं. हिरवा दिवा लागला. खेकडूसुद्धा हलायचा थांबला. शेवंतीने ओठ ध्वनिग्राहकाजवळ नेले, डोळे मिटले, आणि फळीवर एक पाय ठेवून थांबलेल्या आईला म्हणाली,

“ये.”