नदीच्या वळणातलं लिपोव्हिन

“लिपो... लिपोव्ही... छ्या!”

डहाणूहून तलासरीला निघालेल्या एसटीत शेजारचा तरुण मोबाइलवरच्या नकाशाकडे बघून पुटपुटत होता. मयुराला हसू आवरेना.

“भांडताय का त्याच्याशी?”

“गाव आहे मॅडम. लिपोव्हिन, चेक देशातलं. तिथल्या कारखान्यात नोकरी लागतेय, आणि मला नावच घेता येत नाही!”

हा जतीन. सरावलीला घरची चिकूची वाडी, पण जीव इंजिनांत. अच्छाडला हायवेवरच्या ट्रकच्या वर्कशॉपमध्ये होता. मयुरा तलासरीच्या ज्युनिअर कॉलेजात भूगोल शिकवायची. नकाशा दिसल्यावर तिला कुठलं राहवतंय! तिनं मोबाइल ओढूनच घेतला.

“हे बघा, तीन बाजूंनी नदी. चौथीकडे तटबंदी असणार. आणि सगळे रस्ते या चौकात येतात... म्हणजे बाजाराचं गाव.”

“नुसत्या रेघा बघून?”

“रेघा बोलतात. ऐकणारा हवा.”

“मी ऐकतोय की,” तो म्हणाला. नकाशाकडे मात्र बघत नव्हता.

त्यानंतर तो तिच्यासाठी खिडकीची जागा धरू लागला. ती घरी लिपोव्हिनबद्दल वाचून यायची आणि रोज थोडं थोडं सांगायची. राजानं आठवडी बाजाराची सनद दिली. मीठ घेऊन गाड्या यायच्या. दोनदा अख्खं गाव जळलं, दोन्ही वेळा लोकांनी चौकापासूनच पुन्हा बांधायला घेतलं.

“मग रेल्वे आली, पण पलीकडच्या खोऱ्यातून गेली. बाजार ओसरला.”

“बिचारं! आपल्या डहाणूला स्टेशन तरी आहे.”

“म्हणून तर माणसं निघून जातात...” ती बोलून गेली आणि झटकन खिडकीबाहेर बघू लागली.

व्हिसा आला तसं तिचं कशातच लक्ष लागेना. वर्गात सूर्या नदी काढता काढता तिनं फळ्यावर भलतंच वळण काढलं. पोरं हसली. तिला रडू आलं, आणि रडू आलं म्हणून स्वतःचाच राग आला.

रविवारी दोघं डहाणूच्या किनाऱ्यावर सुरूच्या झाडांखाली भेटली. ओहोटी होती. जतीन बसायचा, उठायचा, पुन्हा बसायचा.

“पुढचं सांग ना. दुसऱ्या महायुद्धानंतर काय झालं?”

“जर्मन बोलणाऱ्यांना हाकलून दिलं. पिढ्यान्‌पिढ्यांची घरं सोडून गेले बिचारे. रिकाम्या घरांत दुसरीकडची माणसं आली... आता त्यांची नातवंडं म्हणतात, गाव आमचं.”

“म्हणजे मीही रुळेन तिथं.”

“रुळशील,” तिचा आवाज चिरकला. “तेच तर नकोय मला!”

“मयुरा... जाऊ नको म्हण. नाही जाणार.”

“नाही म्हणणार! माझ्यासाठी थांबलास तर अच्छाडला प्रत्येक ट्रकखाली पडून मलाच शिव्या घालशील.”

“मग काय करू?”

“जा. आणि... माझ्याशी लग्न कर.”

“आधी, की नंतर?”

“आधी! दोन वर्षांचा करार आहे ना? मी माझी बारावीची बॅच सोडणार नाही. मे महिन्याच्या सुट्टीत येईन. तो चौक मला माझ्या पायांनी बघायचाय.”

जतीन हसला, पण डोळे भरले होते. “बसमध्ये पहिल्या दिवसापासून हेच म्हणायचं होतं गं मला. तुझे नदी-डोंगर संपतील तर ना! बरं, आईला कधी सांगू?”

“आत्ता. उद्यापर्यंत माझा धीर टिकायचा नाही.”

त्यानं बाइक काढली. रस्ताभर मयुरानं त्याचा शर्ट घट्ट धरून ठेवला होता.

वाडीत त्याची आई, चंद्रिकाबेन, चिकू निवडत बसली होती. दोघांना बघून तिनं पदरानं हात पुसले.

“ये गं, बस. उन्हातून आलीस.”

“काकू, बसले तर बोलायचं राहून जाईल,” मयुरा म्हणाली. “मी जतीनला मागणी घालायला आलेय.”

चंद्रिकाबेननं एकदा मुलाकडे पाहिलं. तो कानापर्यंत लाल झाला होता. मग ती टोपल्यांमधून वाट काढत पुढे आली आणि तिनं मयुराचे दोन्ही हात धरले.

“मुलगा परदेशी चाललाय, मुली. चालेल ना तुला?”

“नाही चालत, काकू,” मयुरा म्हणाली. “पण मुलगा हाच हवाय.”