गावदेवीच्या देवळातली सुकाणे

नारळी पौर्णिमेची पहाट मकरगडावर उजाडली, तटाखालची खाडी भरतीने फुगली, गोदीत आरमाराची गलबते डोलू लागली. आणि दर्यासुभेदार धाकोजी भाटकर बुरुजावरून ते सारे वैभव पाहत असता त्यांच्या मनात किळसेखेरीज काही उरले नव्हते.

टोपीकरांच्या दोन जमातींचे वैर समुद्रापार, हबसाणाच्या किनाऱ्यावर पेटले होते. मकरगडाला त्याचे ना सोयर ना सुतक. पण एका जमातीने दरबारात बिलोरी झुंबर टांगले आणि दिवाण विसाजीपंतांनी त्याच्या बदल्यात आरमार देऊ केले. गेल्या साली गेलेल्या गलबतांतले एकही परतले नाही. घराघरांत कुंकू पुसले गेले, इकडे झुंबराखाली मेजवान्या झडल्या. मेल्याच्या टाळूवरचे लोणी खाणारी ही माणसे आज उरलेले आरमारही धाडायला निघाली होती!

त्या बंदराची एक जुनी रीत होती. पावसाळ्यात गलबतांची सुकाणे काढून गावदेवीच्या देवळात ठेवीत, आणि पौर्णिमेला खलाशांच्या बायका हळदकुंकू लावून ती आपल्या हाताने परत देत. दिवाणजी पडले घाटावरचे. बायकांच्या या रीतीला त्यांनी कधी मोजलेच नव्हते. त्या सकाळी बायका देवळात शिरल्या, सुकाणांवर बसल्या आणि उठेनात. मागोमाग कोळी, भंडारी, दालदी, सारा गाव देवळापुढे जमला.

पंत गारद्यांसह पालखीतून आले. "सरकारची आज्ञा आहे. उठा!"

कोळ्यांची पाटलीण चांगुणाबाई बसल्या जागेवरून म्हणाली, "आज्ञा डोईवर, पंत. पर माजा पोर ज्या मुलखात मेला, त्याचं नाव तरी सांगा."

पंतांना नाव आठवेना. त्यांनी देवळाच्या पायरीवर विड्याची पिंक टाकली. धाकोजींना वाटले, हा माणूस आपल्या अंगावर थुंकता तर बरे होते.

"सुभेदार," पंत वळले, "आपल्या 'दर्यादौलत'चे सुकाणू तर गडावरच असते. ते चढवा, गलबत हाकारा, बाकीची त्याच्यामागे दोरखंडाने ओढून न्या. तोवर या बायका हलल्या नाहीत, तर गारदी बार काढतील."

"जशी आज्ञा," धाकोजी म्हणाले. "सुकाणू घेऊन येतो."

"सुबेदार, तुमीबी?" चांगुणाबाईने विचारले. ते पाठ फिरवून गड चढले.

उतरले तेव्हा मागे खलाशांच्या खांद्यावर ते प्रचंड सागवानी सुकाणू होते. गर्दीने शिव्या देत वाट दिली. पण गोदीचे वळण आले तरी धाकोजी वळले नाहीत. सरळ देवळाच्या पायऱ्या चढले, सुकाणू चांगुणाबाईपुढे ठेवविले, कमरेची तलवार त्यावर ठेवली आणि बंदुकांपुढे उभे राहिले.

"दिवाणजी, हा किनारा राखण्यासाठी आम्ही सरकारचे मीठ खाल्ले, झुंबरासाठी माणसे विकायला नव्हे. बार काढायचा तर पहिला या छातीवर काढवावा."

गारद्यांनी जमादाराकडे पाहिले, जमादाराने जमिनीकडे. बार निघाला नाही.

आरमार गेले नाही. पुढे दरबारात जाहीर झाले, की रयतेच्या कळवळ्याने गडाचे धनी श्रीमंत सरकारांनी स्वारी रहित केली. तसा सल्ला दिल्याबद्दल पंतांना शालजोडी मिळाली. लाज नावाची चीज त्या गडावर उरलीच नव्हती. धाकोजींच्या पायांत बेड्या पडल्या आणि त्यांना गडाच्या तळघरात कोंडले.

मग 'दर्यादौलत'चे सुकाणू मागायला हुजरे आले. चांगुणाबाईने त्यावर हळदकुंकू वाहिले. "ज्यानं आनून ठेवलं, त्याच्याच हातात देईन."

नवे घडवायला एकही सुतार वाकस उचलेना. सरकारचे ते लाडके गलबत महालाच्या खिडकीखाली चिखलात रुतून कुजू लागले, आणि त्याची घाण थेट झुंबराखालच्या पंगतीत शिरू लागली. ताटावरून नाक धरून उठणे असह्य झाले, तेव्हा कुठे श्रीमंतांनी तळघराचे कुलूप काढविले.