पडद्यामागून दिसणारा हात

रोज दिवेलागणीला बादली घेऊन पडद्यावर पाणी मारायचं काम खुशालरावाचंच. अकोल्यात तेव्हा मुका सिनेमा तंबूत चाले. पुरुष पडद्यापुढे बसत, बाया मागे. ओल्या कापडातून चित्र मागेही उमटे. मग खुशालराव पडद्याजवळ उभा राहून गोष्ट सांगायचा. काय गळा होता मेल्याचा!

गोष्टीतला नवरा दुसरीच्या नादी लागतो, शेवटी बायकोच्या पायाशी येतो. ती त्याच्या डोक्यावर हात ठेवते. इथं खुशालरावाचा आवाज दाटे. लोकांना वाटे, कला आहे! पण तो इथं मैनाबाईकडे राहत असताना तिकडं अमरावतीत त्याची बायको जयवंता तापानं फणफणत होती. शेवटी गेला, पाय धरले. तिनं भिंतीकडे तोंड फिरवलं, अन् तशीच गेली. त्याला पंधराच दिवस झाले होते.

खेळ सुटल्यावर शेजारच्या पार्बताबाईनं त्याला गाठलं.

"भाऊजी, तुमी सांगता हात ठेवला. ती तं ठेवतच नाई."

"मंग काय करते?"

"तोंड फिरवते. भिंतीकडे... चार दिवसांपासून साऱ्या बाया पाहून राहिल्या."

"मागून उलटं दिसते, वयनी. डावं-उजवं बदलते."

"डावं-उजवं मले समजते. तोंड अन् पाठ बी समजते."

दुसऱ्या दिवशी त्यानं मशीनवाल्या शालिकरामाला विनवलं, "खेळाआधी शेवटचं रीळ लाव." पाणी मारून तो बायांच्या बाजूला गेला. ओल्या कापडाचा वास येत होता, तापकऱ्याच्या कपाळावरच्या पट्टीसारखा. अशी एक पट्टीही त्यानं कधी ठेवली नव्हती.

चित्र उजळलं. मशीनची खटखट कशी नाही, हे त्याच्या ध्यानातच आलं नाही. नवरा वाकला. बाईनं तोंड फिरवलं.

"जयवंता... एक डाव... माफ कर..."

त्यानं गुडघे टेकले, कपाळ पडद्याला लावलं. कापड चटका बसावा इतकं तापलेलं. अन् पलीकडून कोणीतरी त्याच्या डोक्यावर हात ठेवला... दाबला.

"खुशालराव!" शालिकराम कंदील घेऊन दारात उभा होता. "अंधारात काय करून राहिले? रीळ तं आत्ता आणलं मी!"

खुशालराव रडत होता, हसत होता. "ठेवला रे हात... तिनं ठेवला!"

त्या दिवसापासून कितीही पाणी मारा, पडद्यावर एक पंजा कोरडाच राहू लागला. आधी गुडघे टेकलेल्या माणसाच्या डोक्याइतक्या उंचीवर होता. बाया सांगत, रोज बोटभर वर सरकतो.

अन् एक दिवस तो उभ्या खुशालरावाच्या गळ्याशी आला.